साक्षीभाव

“दुखतंय ते नेमकं कोणाला, ताई? ते आधी बघ,” भाऊ डोळे न उघडताच म्हणाला.

“मला! मला दुखतंय!” बहीण कडाडली. “बोटं माझी गेली, तुझ्या आत्म्याची नाही!”

तिच्या उजव्या हाताला कोपरापर्यंत बँडेज होतं. डाव्या हाताने बाहीचं बटण लावता लावता ती रडकुंडीला आली होती, आणि हा समोर मांडी घालून बसला होता. काल दूध उतू गेलं तेव्हा हा शेगडीशेजारीच उभा होता. “उतू जातंय,” एवढंच म्हणाला. मोरीतला नळ कधीचा गळतोय. तेही हा बघतोय.

लॉन्ड्रीत दोघं एकाच मशीनवर होते. इस्पितळांच्या चादरी तिथे यायच्या. ओली चादर तिने तापलेल्या रोलरमध्ये सोडायची, पलीकडून त्याने ओढून घडी घालायची. हात आत जाऊ नये म्हणून रोलरच्या तोंडाशी लोखंडी जाळी असते. तिचा हात गेला त्या दिवशी जाळी नव्हती. मालक म्हणत होते, तिनेच काढली. आज त्या अपघाताची चौकशी होती. चूक तिची ठरली की भरपाई नाही आणि नोकरीही नाही. जाळी कोणी काढली हे तिच्याशिवाय डोळ्यांनी पाहिलेला माणूस एकच, आणि तो सध्या श्वास मोजत बसला होता.

त्याला हे खूळ लावलं तेही मालकांनीच. कामाची पाळी सुरू होण्याआधी ते सगळ्यांना चादरींच्या गठ्ठ्यांवर बसवायचे आणि साक्षीभाव शिकवायचे. फक्त बघा. बाजू घेऊ नका. राग आला, तर रागाकडे बघा. बाकीचे तेवढ्यात डुलकी काढून घ्यायचे. हा एकटाच खुळा, खरंच शिकला. मालकांना केवढी सोय! राबणाऱ्यांनी तोंड मिटून बसायचं आणि वर त्यालाच ज्ञान म्हणायचं.

“आज बोलशील ना रे?” तिने आवाज उतरवून विचारलं.

“मी कोणाची बाजू घेत नाही, ताई.”

“कोणाची? मी तुला ‘कोणाची’ झाले? कडेवर घेऊन वाढवलाय तुला, मेल्या!”

“हा राग आलाय ना, तो बघ.”

तिने डाव्या हाताने उशी फेकून मारली. त्याने ती उचलली, झटकली आणि जागेवर ठेवली. तिला वाटलं, कपाळ भिंतीवर आपटून घ्यावं. याचं की आपलं, एवढंच ठरायचं होतं.

चौकशी मालकांच्या केबिनमध्ये होती. सरकारी खात्यातून आलेल्या बाई कंटाळलेल्या दिसत होत्या. दोन्हीकडची माणसं खोटं बोलतात, हे त्यांना नोकरीनेच शिकवलं असावं.

“जाळी मालकांनी काढली,” बहीण म्हणाली. “मी नको नको म्हणत होते. हातापाया पडले त्यांच्या.”

मालकांनी दुःखाने मान हलवली. “वेदनेत माणूस काहीही बोलतो, बाई. राग नाही माझा. हा तिचा सख्खा भाऊ, पण माझा सगळ्यात चांगला विद्यार्थी. यालाच विचारा. हा वादात पडणार नाही.”

“भाऊ म्हणजे बहिणीचीच री ओढणार,” बाई पुटपुटल्या. “बोल बाबा.”

भाऊ डोळे मिटून श्वास मोजत राहिला. इतका वेळ, की बहिणीने आशा सोडली. मग तो बोलला, चादरीची घडी घालावी तितक्या सावकाश.

“ओल्या चादरींचे कोपरे जाळीत अडकत होते. माल उशिरा जात होता. मालक पाना घेऊन आले. त्यांनी जाळी काढली आणि भिंतीला टेकवून ठेवली. ताई नको म्हणाली नाही. ती हसली. म्हणाली, बरं झालं, आता हात भराभर चालेल.”

बहिणीच्या अंगाचा तिळपापड झाला. जाळी काढली, एवढ्यावरच थांबला असता तर काय झालं असतं! ते हसू सांगायची काय गरज होती या गाढवाला!

बाईंचं पेन थांबलं. “ती तर म्हणते, हातापाया पडली.”

“नाही पडली.”

बाईंनी पहिल्यांदाच त्याच्याकडे नीट पाहिलं. लिहिलेल्या ओळीवर काट मारली. “सख्ख्या बहिणीसाठीसुद्धा खोटं बोलत नाहीस, तर तुझं सुरुवातीपासून लिहून घेते. जाळी कोणी काढली म्हणालास?”

“मालकांनी.”

मालक खुर्ची मागे लोटून उठले. रोज सकाळी दिसणारा तो शांत चेहरा लालबुंद झाला होता.

“कृतघ्न! यासाठी शिकवला होता का तुला साक्षीभाव?”

“भाव तुम्ही शिकवलात, मालक,” भाऊ म्हणाला. “साक्ष द्यायची राहिली होती.”