शपथविधीच्या गर्दीतला म्हातारा

अमेरिकन नागरिकत्व मिळाल्यावरचा हा पहिलाच अध्यक्षीय शपथविधी, म्हणून ईश्वर आणि उपासना हर्नडनहून मेट्रोने वॉशिंग्टनला आले होते.

राष्ट्राध्यक्षांचं भाषण सुरू झालं. शेजारी उभा असलेला गोरा म्हातारा त्यातलं प्रत्येक वाक्य क्षणभर आधीच पुटपुटत होता.

"भाषणाची कॉपी आधीच वाचली असेल यार," ईश्वर बायकोला हसून म्हणाला.

भाषण संपलं, टाळ्या वाजल्या. म्हातारा मात्र थांबला नाही. स्वच्छ मराठीत म्हणाला, "ईश्वर, हात सोडू नकोस हं माझा."

ईश्वर दचकला. तेवढ्यात मागून गर्दीचा रेटा आला.

"ईश्वर," उपासना म्हणाली, "हात सोडू नकोस हं माझा."

त्याने तिचा हात घट्ट धरला. आता ती काय बोलणार, हे ऐकायला त्याने म्हाताऱ्याकडे पाहिलं.

म्हाताऱ्याने टोपी काढली होती. ओठ मिटलेले होते.