पाठमोरे वडील

तिने बनवलेल्या पहिल्या गेममध्ये वडील पडद्यावरच्या सोळा बाय सोळा चौकोनांत मावले होते: चष्मा, मिशी, पोट. नव्या त्रिमितीय गेममध्ये खेळणारा त्यांच्या मागोमाग चालणार, म्हणजे ते पाठमोरेच दिसणार. पण वडील जाऊन वर्ष झालेलं. फोटो सगळे समोरून. “मागून कसे दिसायचे गं?” तिने आईला विचारलं. “न्हाव्याला विचार. भांडून पाठ फिरवायचे, तेव्हा मी कुठे बघत होते!” ती लॅपटॉप घेऊन सलूनमध्ये गेली. “भोवरे दोन,” न्हावीकाका म्हणाले. “डाव्या कानामागे वस्तऱ्याला आडवा येणारा मस. मानेवरचे केस उलटे वाढायचे. तीस वर्षं छळलं मला.” तासाभरात पडद्यावर वडील पाठमोरे उभे राहिले. काका पडद्याजवळ सरकून सवयीने म्हणाले, “साहेब, मान जरा खाली.” तिने कळ दाबली. वडिलांनी मान वाकवली.