बदलीचा अठरावा अर्ज

"यंदाही नाही, केळसकर," साहेब कागद उपडा ठेवत म्हणाले.

रावजी केळसकर समोर उभेच राहिले. रत्नागिरीच्या ट्रेझरीत खजिनदार होऊन त्यांना अठरा वर्षं झाली होती, आणि दापोलीला बदली मागणारा हा त्यांचा अठरावा अर्ज होता. दापोलीची जागा यंदा रिकामी होती. रावजी छप्पन्न वर्षांचे. दोन वर्षांनी निवृत्ती. आता नाही तर कधीच नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

"कारण काय, साहेब?"

"प्रशासकीय."

"पोट दुखतंय म्हणून गेलं, तर डॉक्टर 'शारीरिक' म्हणून घरी पाठवत नाही."

साहेबांनी चष्मा काढून पुसला. चष्मा स्वच्छच होता.

रावजी चिडले होते, आणि का चिडू नये? त्रेपन्न साली कारकून म्हणून चिकटलेला माणूस. अडुसष्ट साली खजिनदार झाला आणि कमरेला किल्ली आली. तिजोरीच्या खोलीला कुलपं दोन, एकाची किल्ली साहेबांकडे, दुसऱ्याची रावजींकडे. दोघं हजर असल्याशिवाय दार उघडायचं नाही, आणि किल्ली अंगावर असताना रात्र गावाबाहेर काढायची नाही. साहेब नऊ झाले. त्यांची किल्ली नऊ जणांच्या हातांतून फिरली. रावजींची मात्र होती तिथेच राहिली, आणि तिच्यासोबत रावजीही, भाट्याच्या वाटेवरच्या एका खोलीत, खानावळीचा डबा खात.

घर आंजर्ल्याला. घरात आई आनंदीबाई आणि बायको दमयंती. एसटीने दापोली, तिथून हर्णे, मग होडीने खाडी, यात अख्खा दिवस जाई. त्यामुळे रजा टाकून, किल्ली सोपवून, घरी जाणं वर्षातून तीनदा: गणपती, दिवाळी, शिमगा.

आणि त्या तीन वेळा तरी सुख होतं का? नाव नको. रावजींनी पडवीत पिशवी टेकवली रे टेकवली की आईचं सुरू होई.

"रावज्या, तुझ्या बायकोनं सकाळधरनं मला पाणी तरी विचारलंन काय?"

आतून दमयंतीचा आवाज. "चारदा चहा झालाय त्यांचा. चारदा. विचारा त्यांना."

"तिसरा गार होता."

"गार होईपर्यंत शेजारी गप्पा मारीत बसल्या, मग काय करणार?"

झालं. पुढचे दोन दिवस रावजींनी या खोलीतून त्या खोलीत निरोप्यासारखं फिरायचं. गेल्या शिमग्याला ते मोठा बेत करून गेले होते. घरातल्या कोठीला ट्रेझरीसारखी दोन कुलपं घालायची, एक किल्ली आईकडे, एक बायकोकडे, म्हणजे नारळ, तांदूळ, गूळ जे काय काढायचं ते दोघींनी मिळून काढायचं. कुलपं रत्नागिरीहून नेलीसुद्धा होती. पण पोहोचल्या पोहोचल्या पुरणपोळीच्या पुरणावरून असा काही भडका उडाला, की समजूत घालता घालता परतीची वेळ आली. कुलपं पिशवीतच परत आली.

शेजारचा धोंडू एकदा म्हणाला होता, "तू आलास की वाडीला कळतं हो रावजी. एरवी तुमच्या घरात आवाज नसतो."

रावजींना ते फार लागलं होतं. बिचाऱ्या चार-चार महिने मनात साठवतात. ओकायचं तर आपल्याच माणसापुढे, आणि आपलं माणूस दीडशे किलोमीटरवर कुलपं राखत बसलेलं. आपण नाही म्हणून घर मोडतंय, हे त्यांना रात्री जेवताना घास उतरू देत नसे.

म्हणून दर वर्षी अर्ज. कारण तेच, 'घरात सासू-सुनेचे पटत नाही, अर्जदाराची उपस्थिती अत्यावश्यक.' आणि प्रतीशिवाय कागद हलवायचा नाही ही ट्रेझरीची सवय, म्हणून अर्जाची एक कार्बन प्रत, वर आवक क्रमांक लिहून, घरी रवाना. माहितीसाठी.

"मी आता मुंबईला संचालकांना लिहिणार," रावजी म्हणाले. "अठरा वर्षांत नऊ साहेब, आणि नऊच्या नऊ एकच शब्द बोलतात. माझं काय चुकलं ते तरी कळू दे. माझ्या घरात दोन बायका एकमेकींचा जीव घेतायत."

"केळसकर, दोन वर्षं राहिलीत. गप्प काढा ना."

"नाही काढणार."

साहेबांनी चष्मा पुन्हा चढवला. मग बाहेर हाक मारली. "सखाराम, यांची फाईल आणा. सगळी."

आस्थापनेचा कारकून सखाराम दारातच थबकला. "साहेब, ती दाखवायची नाय असं पयल्या साहेबांपासून सांगितलेलं हाय."

"मीही तेच सांगत आलो. आता माझंच डोकं उठलंय. आणा."

फाईल आली. साहेबांनी ती रावजींपुढे सरकवली आणि स्वतः उठून खिडकीशी जाऊन उभे राहिले.

आत अठरा अर्ज होते, सालवार लावलेले. प्रत्येक अर्जाला टाचणीने एक अंतर्देशीय पत्र जोडलेलं. रावजींनी सगळ्यात वरचं उघडलं. तारीख मागच्या महिन्याची होती. अक्षर दमयंतीचं. खाली तिची सही, आणि सहीला खेटून आईच्या डाव्या हाताचा अंगठा.

रावजी वाचू लागले.

"मा. साहेबांस, आवक क्रमांक २१४ च्या अर्जाची प्रत मिळाली. मागील सतरा पत्रांप्रमाणेच विनंती की, अर्ज नामंजूर व्हावा. आम्हां दोघींचे उत्तम पटते. मात्र हे घरी आले की आमच्या कारभारात शिरतात, म्हणून त्यांना गुंतवून ठेवण्यासाठी आम्हांस भांडावे लागते. गणपती, दिवाळी आणि शिमगा एवढे कसेबसे निभावते. बारा महिने जमणार नाही. सासूबाईंना आता दम लागतो."