पहिल्या रांगेतला गडी

सायमन साळवे भारताकडून रग्बी खेळतो, हे त्याच्या देवळाली प्रवरा गावाला तो निवृत्त झाल्यावर कळलं. सत्काराच्या मांडवात एकानं विचारलं, "सायमनभाऊ, तुमी नेमकं काय करायचा?"

"पहिल्या रांगेत वाकून समोरच्या गड्यांना जीव खाऊन ढकलायचो. मग मागचा गडी बॉल घेऊन पळायचा, आन फोटो त्याचा यायचा."

लोक खो खो हसले. तेवढ्यात प्रमुख पाहुण्यांची गाडी उसाला सोडलेल्या पाण्यानं झालेल्या चिखलात रुतली. कार्यकर्ते पांढरे कपडे सांभाळत लांबूनच "घ्या, घ्या" ओरडत राहिले. सायमननं वाकून खांदा लावला आणि गाडी बाहेर काढली.


साहेब उतरले, ड्रायव्हरच्या खांद्यावर हात टाकून कॅमेऱ्याकडं वळले आणि म्हणाले, "वा, काय गाडी काढलीस! आन त्या चिखलवाल्याला जरा बाजूला घ्या रे, फोटोत येतोय."