प्रेमप्रसंगाची पाटी

आमच्या चित्रपटांच्या गोष्टी समोरच्या कंपनीला कोण विकतं, हे मालकांना कळेना. शेवटी त्यांनी माझ्या बाबांना, म्हणजे कॅमेरामनलाच, घरी बसवलं.

मी जन्मापासून बहिरी. रिळं बघून संवादांच्या पाट्या रंगवते. कॅमेऱ्यापुढे नट काहीही बडबडतात. मूकपटात ऐकणार कोण? पण मी ओठ वाचते. नव्या रिळातला प्रेमप्रसंग तीनदा पाहिला आणि बाबांना सांगितलं.

“गप्प बस, पोरी. लोक नायकाच्या नाकासाठी तिकीट काढतात. माझ्यासाठी कोण काढणार?”

मी गप्पच बसले. फक्त पाटी बदलली.

पहिल्या खेळाला मालक पुढच्या रांगेत होते. पडद्यावर नायकाने नायिकेला जवळ घेतलं, ओठ हलवले. मग पाटी आली :

“पुढची गोष्टही मीच त्यांना विकलीय. म्हातारा कॅमेरामन आयताच सापडला.”