पाच वेळा पुढे

बाबा गेले त्याच्या आदल्या दिवशी तिने फोनवर घाईतच विचारलं, “खेळांची यादी ठेवणाऱ्या त्या प्रोग्रॅममध्ये जहाजांचा खेळ घातलात ना?” “केव्हाच! फक्त सुरू व्हायला जरा वेळ खातो.” “म्हणजे काहीतरी चुकलंय. दहादा सांगूनही तुमचं आपलं तेच!” “असू दे गं, मला कुठे गाडी पकडायचीय?” महिन्याभराने तिने त्यांचा कॉम्प्युटर लावला. यादीत जहाजाचं चित्र दिमाखात उभं होतं. क्लिक केलं, तर खेळाऐवजी इन्स्टॉलर, म्हणजे खेळ कॉम्प्युटरवर बसवणारा प्रोग्रॅम, सुरू झाला. बाबांनी भलतीच फाइल घातली होती. खेळ रोज नव्याने इन्स्टॉल करून खेळत होते. कीबोर्डखाली त्यांची चिठ्ठी होती: ‘पाच वेळा “पुढे”चं बटण दाबणे. वीस मिनिटं थांबणे. पोरीला विचारू नये, ती कामात असते.’ तिने दोन क्लिकमध्ये योग्य फाइल घातली. मग ती मोठ्याने म्हणाली, “विचारा ना बाबा, मला वेळ आहे.”