शिपाईबाईंची खुर्ची

“खुर्ची इथे नको, तिकडे ठेव.” म्हातारीने सुनेच्या खोलीच्या दाराकडे बोट दाखवलं.

“आजी, धोका तुमच्या जिवाला, कोर्टाचा हुकूम तुमच्या नावाचा. आणि मी पहारा सुनेच्या दाराशी देऊ?” शिपाईबाई म्हणाल्या.

“त्या खोलीला मागचं दार आहे. माझ्या मुलाकडे त्याची किल्ली आहे. आला तर तिथूनच येईल.”

महिनाभर खुर्ची तिथेच राहिली. जिवे मारीन म्हणतो, मारतो, असं म्हातारीने शपथेवर सांगितलं होतं, म्हणून मुलाला घरात पाऊल टाकायला बंदी होती. ती बंदी उठवायची की ठेवायची, हे उद्या ठरणार होतं.

म्हातारीचा जन्म शिवणकामात गेलेला. पण या महिन्यात मशीनवरचं झाकणही निघालं नव्हतं.

“गिऱ्हाईक पळेल हो,” शिपाईबाई एकदा म्हणाल्या.

“तो आवाज सोसवत नाही आता,” म्हणून म्हातारीने मान फिरवली. तिचं मन तिला खात होतं.

सुनेने तर सासूशी बोलणंच टाकलं होतं. भर उकाड्यात मनगटापर्यंत बाह्या ओढून ती भांडी आपटत फिरायची. शिपाईबाईंना मात्र तिने स्पष्ट सांगितलं, “उद्या मी कोर्टात खरं काय ते सांगणार. यांनी आईंना कधी बोटही लावलेलं नाही. पोटच्या पोरावर आळ घेताना जीभ कशी झडली नाही!”

खोलीचं दार धाडकन लागलं.

“सून आहे की त्याची वकील?” शिपाईबाई हसल्या. म्हातारी हसली नाही. सून उद्या तसं बोलली, तर तो उद्याच घरी येणार होता.

शिपाईबाईंनी खुर्चीतच कागद मांडीवर घेतला. “अहवाल द्यायचाय, आजी. तुमच्यावर शेवटचा हात कधी उचलला त्याने?”

“कधीच नाही.”

पेन थांबलं. “म्हणजे शपथेवर खोटं बोललात? अहो, तुम्हालाच आत टाकतील!”

“टाकू देत. सहा वर्षं मी नुसती मशीन चालवत बसले, त्याची शिक्षा बाकीच आहे.”

खुर्चीमागचं खोलीचं दार हळूच उघडलं. सून कधीची दाराला कान लावून उभी होती, कोण जाणे. तिच्या हातात कोरं कापड होतं. तिने मशीनवरचं झाकण काढलं आणि कापड त्यावर ठेवलं.

“चालवा मशीन, आई. आज आत कोणी ओरडणार नाहीये.”

मग तिने बाही खांद्यापर्यंत वर सारली आणि मापासाठी हात पुढे केला. मनगटापासून दंडापर्यंत सिगारेटच्या चटक्यांचे डाग होते.

“बाह्या आखूड ठेवा. उद्या कोर्टात घालायचंय.”